आबांमुळे अडलेली गाडी

आमच्या गावाचा इतिहास पोस्टकार्डावर मावेल. अजिंठ्याच्या डोंगराखाली छोट्या गाडीचं स्टेशन झालं, त्याच्याभोवती बारा घरं बसली, गाडी बंद झाली आणि घरं उठली. आता तिथे भिंती आहेत, घाणेरीची झुडपं आहेत आणि चिंचेखाली आमच्या स्टेशनचा ओटा आहे. कुणी विचारलं, "तुमचं गाव कोणतं?" तर मी नाव सांगते आणि समोरचा म्हणतो, "हे कुठे आलं?" डोकंच फिरतं माझं.

माझे वडील, आबा, त्या स्टेशनवर झेंडी दाखवायचे. गाडी फार हळू चालायची, आणि त्याहून हळू सुटायची. कारण आमच्याकडे रीतच होती: पायवाटेवर कुणी येताना दिसलं, की आबा हिरवी झेंडी काखेतच ठेवत. डब्यातले लोक खिडकीतून ओरडत, "या, या, सावकाश या!" माणूस मागे टाकून गाडी गेली, असं कधी झालं नाही. सगळ्यात जास्त गाडी थांबली असेल ती माझ्या आईसाठी. चूल विझवली का हे बघायला ती अर्ध्या वाटेतून परत जायची. आबा चिडचिड करत, पण झेंडी काही काढत नसत.

गाडी बंद झाल्यावर आम्ही जामनेरला आलो. पुढच्याच वर्षी आई गेली. मग बारा घरांनी ठरवलं, दर हिवाळ्यात स्टेशनवर जमायचं आणि कापसाच्या वाळक्या पऱ्हाटीच्या जाळावर वांगी भाजून भरीत करायचं. सगळे येत. आबा मात्र येत नसत. "गाडी नाही, गाव नाही, मी काय दगडांना भेटायला येऊ?" तीन वर्षं हेच. चौथ्या वर्षी मीही चिडले. म्हटलं, "बसा घरी!" आणि एकटीच गेले. पण वाटभर जीव थाऱ्यावर नव्हता. आबा थकत चाललेत, पुढच्या हिवाळ्याचं कुणी सांगावं?

भरीत झालं, पुऱ्या झाल्या, पंगत बसली. पण एकही हात ताटाला लागेना. शेजारच्या घरातल्या अक्का, मूळच्या शिंदखेड्याच्या, आबांना भाऊ म्हणत. त्या मला म्हणाल्या, "भाऊ कोठे शे? भाऊ येस तवलोंग कोणी खावाव नही."

मी आबांना फोन लावला. "आबा, सगळे उपाशी बसलेत. तुमच्यामुळे गाडी अडली आहे."

"माझ्यामुळे?" आबा कडाडले. "अख्ख्या नोकरीत माझ्यामुळे गाडी अडली नाही!" आणि फोन आपटला.

पाऊण तासाने शेजाऱ्याच्या मोटरसायकलवरून मफलर गुंडाळलेले आबा उतरले. काखेत हिरवी झेंडी! इतकी वर्षं कुठे लपवून ठेवली होती, देव जाणे. लोकांनी शिट्ट्या वाजवल्या. आबा थेट ओट्यावर चढले, गडी-बाया-पोरं सगळी मोजली, आणि झेंडी उघडणार तोच थांबले. त्यांची नजर पायवाटेवर गेली होती.

आबा इतकी वर्षं का येत नव्हते, ते मला तेव्हा कळलं. आणि मी वेडी त्यांच्याशी भांडत होते.

अक्का उठल्या. त्यांनी आईच्या नावाचं एक ताट वाढलं, वर दुसरं ताट झाकलं आणि ओट्याच्या कडेला आणून ठेवलं. "तिनं ताट मी झाकी ठेवस, भाऊ. तुम्ही झेंडी दखाडा. पोरे भुक्या शेत."

आबांनी मफलरने डोळे पुसले. "चूल बघायला गेली असेल," म्हणाले, आणि झेंडी उघडली.