गाठोड्याची मूठ

प्राणिसंग्रहालयात माकडघराची मावशी कोण विचारलं, तर तिकिटवालासुद्धा मान न वळवता बोट दाखवायचा. अंगाने किरकोळ, आवाज मात्र असा खणखणीत की झाडावरची वानरंही कान टवकारायची. आणि एवढ्या खमक्या बाईचा जीव अडकला होता कशात, तर साठ किलोच्या एका चिंपांझीत. त्याचं नाव गाठोडं.

हे नाव तिच्या नवऱ्याचं. जन्मल्यावर आईने पिल्लाला जवळच घेतलं नाही, म्हणून मावशी त्याला पोटाशी धरून घरी घेऊन आली. दार उघडून नवरा म्हणाला, "आता हे काय गाठोडं आणलंस?" नवरा शिंपी. कुरकुरत का होईना, त्यानेच मावशीला जुन्या लोकरी पांघरुणाची एक बंडी शिवून दिली. चिंपांझीच्या पिल्लाला मुठीत धरायला आईचे केस लागतात. माणसाच्या अंगावर ते आणायचे कुठून? मग काय, ते बंडीला जे चिकटलं ते चिकटलंच! भाजी चिरताना पोटावर, केर काढताना पोटावर. मावशीला आंघोळीला जायचं तर नवऱ्याने एकेक बोट सोडवायचं, तोवर याने दुसऱ्या हाताने गच्च धरलेलं.

"लग्नानंतर माझा हात धरायला तुला वर्ष लागलं," नवरा म्हणायचा, "आणि याला बघ!"

त्यांची स्वतःची मुलगी तान्ही असताना आईचं बोट धरायची, पण डोळा लागला की मूठ सैल पडायची. गाठोडं झोपेतही सोडत नसे. दुपारी ते पोटावर झोपलं की मावशी कूस बदलायची नाही. कुणी आपल्याला इतकं धरून ठेवावं, हे सुख तिला तोवर माहीतच नव्हतं.

पुढे ते मोठं झालं आणि माकडघरात राहायला गेलं. मावशी रोज आत जाऊन त्याच्याशी खेळायची. मग एके दिवशी सफाईवाल्याचा झाडू त्याने जाळीतून धरला आणि गमतीत एक हिसका दिला. फक्त एक! सफाईवाला चांगला धिप्पाड गडी, पण खांदा निखळून बसला की हो बिचारा.

संग्रहालयाच्या डॉक्टरीणबाईंनी सगळ्यांना बोलावून खडसावलं. "वजनाला वजन धरलं तरी त्याचा स्नायू आपल्या जवळजवळ दीडपट जोर लावतो. झटकन आखडणारे तंतू त्याच्यात जास्त. आपले सावकाश, दमाने काम करणारे, म्हणून आपण लांबवर चालतो. आणि आपल्याला जोर थोडा थोडा करून लावता येतो, म्हणून सुईत दोरा ओवतो. त्याला ते आपल्याइतकं जमत नसावं. तो हात फांदीला लोंबकळायला घडलाय. त्याच्या मनात काही वाईट नसेल, मावशी, पण मनगट तुमचं जाईल."

त्या दिवसापासून दोघांच्या मध्ये जाळी आली. खाणं लांब दांड्याच्या पळीने. इंजेक्शनला खांदा जाळीला टेकवायचं मावशीनेच त्याला शिकवलं. पण रोज संध्याकाळी गाठोडं जाळीतून बोटांची टोकं बाहेर काढून बसायचं, आणि मावशी दोन्ही हात पाठीमागे घेऊन समोर उभी राहायची. वर्षानुवर्षं हेच. घरी गेली की तिचं जेवणात लक्ष नसे.

"एकदाच हो, डॉक्टरीणबाई. दोनच बोटं देते."

"वेड लागलंय का तुम्हाला?"

अशात निरोप आला. दूरच्या एका संग्रहालयात चिंपांझींचा कळप होता, झाडं होती, मोकळी जागा होती. ते गाठोड्याला घ्यायला तयार होते. अट एकच: माणसाला पुन्हा इजा झाली, तर नको. सफाईवाल्याचा खांदा खेळातला म्हणून त्यांनी कसाबसा पचवला होता. पुन्हा काही घडलं, तर गाठोडं जन्मभर एकट्याने पिंजऱ्यात राहणार, हे मावशीला पक्कं ठाऊक होतं.

न्यायच्या दिवशी सकाळी त्याला भूल दिली. तपासणी झाल्यावर डॉक्टरीणबाईच म्हणाल्या, "घ्या मावशी. आता धरा हात."

मावशीने तो दोन्ही हातांत घेतला. काय जड हात तो! तळवा भेगाळलेला, बोटं लांबलचक, अंगठा त्या मानाने इवलासा. तिने आपली दोन बोटं तळव्यात ठेवली आणि थांबली. मूठ वळली नाही. "अरे, मी आहे," ती म्हणाली. हात तसाच उघडा पडून राहिला, आणि मावशीला तिथेच रडू कोसळलं. तिला त्याचा हात धरायचा नव्हताच मुळी. त्याने तिचा धरायला हवा होता.

चौघांनी उचलून त्याला प्रवासाच्या पिंजऱ्यात ठेवलं. एक हात वरून खाली सरकणाऱ्या दाराच्या खाचेत राहिला. भूल अजून पुरती आहे, असं डॉक्टरीणबाईंनी बघून सांगितलं, तेव्हा मावशी वाकून तो हात आत सारायला लागली. तिची बोटं त्याच्या तळव्याखाली होती, तेवढ्यात त्याची बोटं हलली. हळूच, एकेक करून ती तिच्या बोटांभोवती वळायला लागली.

"मावशी, हात बाहेर! जागं होतंय ते!"

पकड ओळखीची होती. डोळे मिटलेले, तरी त्याने बरोबर तिचीच बोटं शोधली होती. अजून एक श्वास, आणि मग ती मूठ कुणाच्या बापाला सुटली नसती. मावशीच्या सगळ्या जिवाने म्हटलं, राहू दे, मोडली बोटं तर मोडली.

तिने हिसडून हात बाहेर काढला. दार खाली आलं. आत मूठ पुरती मिटली, रिकामीच, आणि अंधारात चाचपडत राहिली.

डॉक्टरीणबाई धावत आल्या, तिची बोटं उलटसुलट करून बघितली. "काही लागलं नाही ना? सोडलं ना त्याने वेळेवर?"

"त्याने नाही हो," मावशी म्हणाली. "मी सोडलं."