एका रेघेची अक्षरं

…तर तानूबाई नवऱ्याला, कल्लाप्पाला म्हणाली, "अहो, अक्षरांना उपास घातलाय का? किती वाळली बिचारी!"

हसू नका, खरंच तशी दिसायची ती. कल्लाप्पा मूळचा निपाणीकडचा, मारतहळ्ळीच्या एका ऑफिसात रस्त्यांचे नकाशे काढतो, हे कालच सांगितलं. कॉम्प्युटरातली कन्नड अक्षरं गुबगुबीत, आणि नकाशाच्या सॉफ्टवेअरला हवीत एका रेघेची. मशीनकडून आपोआप बदलून घेतली तर छापल्यावर काळे डाग उमटतात. म्हणून हा गडी एकेक अक्षर उघडून त्याच्या मधोमध हाताने रेघ ओढायचा. अख्खा उन्हाळा त्यात गेला.

साहेब रविकिरण चिडवायचे, "इंग्रजीत काय वाईट आहे रे?"

"तुम्हाला काहीच नाही, सर. पण खोदणाऱ्याला वाचायला नको?"

पहिला नकाशा सर्जापूर रोडच्या कामाचा. त्यातल्या वीजवाहिनीच्या रेघेवर कल्लाप्पाने ऐटीत लिहिलं, 'इल्ली अगेयबेडी', इथे खोदू नका. ठेकेदाराने घाई लावली, याने नकाशाची फाईल धाडली. अक्षरांची फाईल वेगळी जोडावी लागते, ती राहिली. याच्या पडद्यावर सगळं झकास दिसत होतं ना! तिकडे ठेकेदाराच्या छापील नकाशात सूचनेच्या जागी नुसती प्रश्नचिन्हं उमटली आणि कुणी विचारलंही नाही.

खोदणाऱ्या मजुराची, हनुमंतप्पाची पहार थेट वाहिनीवर बसली. जीव वाचला, उजवा हात कोपरापासून गेला.

ऑफिसात सगळे म्हणाले, गप्प बस, ठेकेदाराने विचारायला हवं होतं. ठेकेदार म्हणाला, मजुराने नकाशा न बघता खोदलं. मजुराचीच चूक ठरली की भरपाईचा प्रश्न मिटला. तानूबाईने कल्लाप्पापुढे ठेवलेली भाकरी तशीच राहायची.

शेवटी तो दवाखान्यात गेला. हनुमंतप्पा खाटेवर पडला होता. शेजारी बसून त्याची बायको डाव्या हाताने सही कशी करायची ते त्याला शिकवत होती.

"सर, मला वाचता येतं हो," तो म्हणाला. "सातवी शिकलोय. ते म्हणतात मी बघितलं नाही. मी दोनदा बघितलं. का माझीच नजर चुकली?"

कल्लाप्पा स्टुलावर बसला. हो म्हटलं असतं तर नोकरी शाबूत होती.

"तुमची नजर चुकली नाही, अण्णा. मी लिहिलं होतं, पण अक्षरं पाठवायला मीच विसरलो. कुणीही विचारलं तरी माझं नाव सांगा, मीही सांगेन. पण हात काही मला परत आणता येणार नाही."