वाकड्या मानेचा वाघ

मी हैदराबादला निघाले त्या दिवशी वाघबारस होती. डोळखांबच्या एसटी थांब्यावर मला सोडायला एकटी आई आली. बाकी अख्खा पाडा टेकडीवर वाघोबाच्या दगडापाशी जमला होता, कारण माझा धाकटा भाऊ बुध्या पहिल्यांदाच वाघ होणार होता. बा सकाळीच म्हणाला, "गाडी तं रोज हाय गो. वाघ वरसातून एकदाच." त्याचं खरं होतं, म्हणून जास्त झोंबलं.

आईने पदराखालून खिरीचा डबा काढला. "वाघाला दाखवायच्या आधीच तुला काढली. कोणाला सांगू नको." तेवढं एक सुख मी गाठीला बांधलं. पण एसटी वळणावर आली आणि मी मागच्या काचेतून पाहिलं, तर उतारावर घोंगडी पांघरलेला बुध्या पळत होता, त्याच्यामागे सगळे बापे आणि पोरं हाकारे घालत होती. आई थांब्यावरच उभी होती, पण तिचीही नजर टेकडीकडे होती.

ज्यांनी हा सण पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगते. हा गुराख्यांचा सण. एकाने वाघ व्हायचं, बाकीच्यांनी त्याला शिवेच्या ओहोळापलीकडे हाकलायचं. "परत येशील का?" असं विचारायचं आणि वाघाने "नाय, नाय" म्हणत धूम ठोकायची. मागे मात्र वळून बघायचं नाही. वाघाने मागे बघितलं की तो परत येतो, असं आमच्याकडे मानतात. वाघ पोरग्यानेच व्हायचं. आम्ही बाया खाली शेताच्या बांधावरून बघणार. लहानपणी मी बुध्यापेक्षा कितीतरी चांगली गुरगुरायचे, आणि तो बोक्यालाही भ्यायचा! तरी बाने म्हशाच्या जत्रेतून घोंगडी आणली ती त्याच्यासाठी. त्याच्या मापाच्या दुप्पट होती. ती घसरू नये म्हणून अंगणात सराव करताना तो मान एका बाजूला वाकडी करून तिची कड हनुवटीखाली दाबून धरायचा.

हैदराबादला मी ॲनिमेशनच्या स्टुडिओत लागले. जादूच्या जंगलाची, लहान-मोठ्या सगळ्यांनी मिळून बघायची एक फिल्म आमच्याकडे बनत होती. तिच्या पहिल्या भागात वाघाचं पिल्लू होतं. ते दुसऱ्याच मुलीला मिळालं आणि मी मागची झाडं हलवत बसले. तिचा हेवा करण्यात माझे कितीतरी डबे गार झाले. दुसऱ्या भागात पिल्लाचा मोठा वाघ झाला, आणि तो माझ्याकडे आला. बाकीचे प्राणिसंग्रहालयाचे व्हिडिओ बघत बसायचे. मला गरज पडली नाही, माझ्या हाताला वाघ येत होता. आमच्या टीमचा लीड म्हणाला, चालीत काय रुबाब आहे! शेवटच्या शॉटमध्ये गावकरी वाघाला हाकलतात आणि तो सरळ जंगलात जातो, असं ठरलं होतं. मी त्याला नदीपाशी थांबवलं आणि एकदा मागे बघायला लावलं. रिव्ह्यूत ते पासही झालं.

फिल्म दिवाळीच्या तोंडावर लागली. मी सुट्टी काढून आले आणि वाघबारशीच्या आदल्या दिवशी घरच्यांना जीपने कल्याणला घेऊन गेले. मुद्दाम बाच्या शेजारी बसले. मला पडदा बघायचाच नव्हता, बाचं तोंड बघायचं होतं. झाडीतून वाघ बाहेर आला. बाने माझा हात घट्ट धरला आणि सगळ्या थेटराला ऐकू जाईल असा ओरडला, "अरे, हा तं आपला बुध्या! मान बघ, घोंगडी सुटंल म्हणून कशी धरलीय!"

मी पडद्याकडे पाहिलं. खरंच. अंगावर घोंगडी नसलेला माझा वाघ मान वाकडी धरून चालत होता. इतके महिने तो डोळ्यांसमोर होता आणि मला एकदाही दिसलं नव्हतं. आई हसत होती, बुध्या तर खुर्चीत मावेना. शेवटी नावं सुरू झाली तेव्हा दिवे लागले होते आणि बा वाकून चपला शोधत होता. मी म्हटलं, "बा थांब, माझं नाव येतंय." तो म्हणाला, "तुझं नाव मला ठावं हाय की. मीच ठेवलंय."

जीपमध्ये डोळखांबपर्यंत बुध्या, बुध्या आणि बुध्या. जळून कोळसा झाले मी. माझ्यासारख्या बाहेर पडलेल्यांनो, तुम्हाला वाटतं की मागे राहिलेले आपल्यावर जळतात. वाटू दे. मी तर माझ्याच हातच्या वाघात माझ्या भावाला बघून जळत होते, कारण त्याला पाड्याच्या डोळ्यांसमोर राहायला मिळालं होतं आणि मला एसटीची मागची काच.

दुसऱ्या दिवशी मी बायांबरोबर बांधावर उभी राहिले. खरं तर जायचंच नव्हतं, आईने ओढून नेलं. उतारावरून बुध्या सुटला. घोंगडी आता त्याला बरोबर होते, तरी मान वाकडीच. मागून बापे ओरडत होते, "परत येशील का?" "नाय, नाय!" ओहोळापाशी मात्र तो थांबला. सावकाश वळला आणि खाली बांधाकडे बघितलं, पडद्यावरच्या वाघाने बघितलं होतं अगदी तसं.

हाकारे एकदम बंद झाले. बा घाबरून ओरडला, "अरे मागं नको बघू! परत येल तो!"

"येऊ दे नं," बुध्या वरून म्हणाला. "ताईचा वाघ हाय."

बाने बांधाकडे, माझ्याकडे बघितलं. मी पदर तोंडात कोंबून रडले.

आता पुन्हा हैदराबाद. कोणी घर विचारलं की मी गावाचं नाव सांगते, पण डोळ्यांपुढे येतो तो बांध आणि ओहोळापाशी वळलेली ती वाकडी मान. पुढच्या वाघबारशीला तिसऱ्या भागाची डेडलाइन आहे, सुट्टी मिळायची नाही. बुध्या मागे वळून बघेल आणि बांधावर बाकीच्या बाया उभ्या असतील. त्या सगळ्या बायांचा मला आत्तापासूनच हेवा वाटतोय.