कापूस काढून ठेवलेले साळवे सर

साळवे सरांच्या माहितीपटांची किंमत मी पैशात धरत नाही. तालमीवरच्या फिल्मला डावा खांदा गेला. बैलगाडा शर्यतींच्या फिल्मला गुडघ्याची वाटी. आम्हा डीजेवाल्यांवरच्या फिल्मला काय गेलं, ते मात्र फार उशिरा कळलं. सरांच्या साठीच्या गौरवग्रंथात लिहायचं तर तेच आधी सांगायला हवं.

मी श्रीगोंद्याचा. लग्नांत एक भोंगा भाड्याने देत देत डीजेचा ट्रक उभा केला. शाळा सातवीपर्यंत, बाकी सगळं कानांनी शिकलो. वरात वेशीपाशी असताना कोणता स्पीकर फाटलाय, हे मी घरात जेवता जेवता सांगतो. अख्ख्या तालुक्यात असा कान नाही, असं तेव्हाही म्हणायचो, आजही म्हणतो.

सर पहिल्यांदा आले ते कॅमेऱ्याशिवाय. आधी त्या लोकांचं काम करायचं, मग कॅमेरा काढायचा, ही त्यांची रीत. "मला वायरी ओढायला ठेवा," म्हणाले. कानांत कापूस होता. आमच्यात ऐन वरातीत कापूस घालणं म्हणजे कमीपणा. ट्रकवरच्या पोरांदेखत मीच बोललो, "सर, कापूस पाव्हण्यांना आसतो. ट्रकवर चढायचं तर कान उघडे पायजेत."

पोरं हसली. सरांनी दोन्ही बोळे काढून माझ्या हातावर ठेवले.

"घ्या. आता पाहुणा नाही ना?"

"न्हाई," मी म्हणालो.

दोन हंगाम ते स्पीकरच्या भिंतीला पाठ लावून उभे राहिले. मधे माझी बायको दवाखान्यात होती आणि खर्डा गावातली वरात ठरलेली. "तुम्ही वहिनींजवळ थांबा," म्हणून ट्रक घेऊन सरच गेले. दुखऱ्या खांद्याने खोकी चढवली, उतरवली, आणि दुसऱ्या दिवशी चहाचा थर्मास घेऊन दवाखान्यात हजर. तेव्हापासून पोरं त्यांना 'दादा' म्हणू लागली.

पुढे फिल्म जोडताना आवाजाचं काम सरांनी माझ्यावर सोपवलं. शेजारी शेजारी खुर्च्या, दोघांच्या कानांवर हेडफोन. एका दुपारी सर मान डोलवत होते आणि त्यांच्या हेडफोनची पिन मशीनमधून निघून टेबलावर पडलेली दिसली. मी उठून मागून हाक मारली. वळले नाहीत. समोर गेलो, तर माझ्या ओठांकडे बघत म्हणाले, "बोला."

"सांगितलं का न्हाई, सर?"

"सांगितलं असतं तर पोरांनी मला ट्रकवरून उतरवलं असतं. पुन्हा पाहुणाच झालो असतो."

डावा कान पूर्ण गेलाय, उजव्यात थोडं उरलंय. फिल्म अर्धी आहे. सर चित्र बघतात, मी ऐकून कागदावर लिहून देतो. ट्रकवर मी आता कापसाची बरणी ठेवलीय. पोरं हात लावत नाहीत.

सरांना उदंड, निरोगी आयुष्य लाभो, ही फिल्म त्यांच्या हातून पुरी होवो, आणि उजव्या कानातलं उरलेलं शेवटपर्यंत टिको. समारंभात मी भाषण करणार नाही. सरांना वाचता यावं म्हणून हे लिहिलंय.

राहिलं माझ्या कानाचं कौतुक. ती पिन दिसण्याआधी दीड वर्ष मी रोज त्यांच्या शेजारी बसत होतो.