पुठ्ठ्याचा पूर

माझी आत्या शहरं बुडवायची. मुक्या सिनेमांच्या काळात हाच तिचा धंदा होता. पुठ्ठ्याची घरं, काड्यांचे पूल आणि गुडघाभर पाण्याचा हौद. भूकंप हवा असेल तर खालचं टेबल हलवायचं, ज्वालामुखी हवा असेल तर मातीच्या डोंगरातून धूर सोडायचा. बाईमाणसानं असली कामं करू नयेत म्हणून माझ्या काकानं तिचं डोकं खाल्लं, तेव्हा तिनं त्याचं घर हुबेहूब बनवलं आणि पुढच्याच सिनेमात पुरात वाहवून दिलं.

मग एका वर्षी खराच पूर आला आणि नदीकाठची वस्ती गेली. कॅमेरा पोहोचेपर्यंत पाणी ओसरलं होतं. सिनेमा कंपनीच्या मालकानं आत्याकडून ती वस्ती बनवून घेतली आणि आपल्या थिएटरवर पाटी लावली, ‘महापुराचं खरं चित्रण’. आत्या भांडली.

"लोकांना काय कळतंय?" मालक म्हणाला. "तू मूग गिळून बस, नाहीतर दुसरं काम बघ."

त्या चित्रात छपरावरचा एक माणूस बुडता बुडता वाचतो, नाव येऊन त्याला नेते. बोटाएवढा मेणाचा माणूस. वस्तीतली एक बाई तो खेळ रोज बघायला येऊ लागली. तो आपला नवराच, असं ती सगळ्यांना सांगे. आज ना उद्या घरी येईल, म्हणून तिनं त्याला शोधणंच सोडलं होतं. हे कळलं तेव्हा आत्याला जेवण गेलं नाही. मालक मात्र खुशीत होता. त्या माणसाचा मला अजून संताप येतो.

दुसऱ्या दिवशी आत्या खेळाला गेली, मीही सोबत होते. नाव छपराकडे निघाली तशी ती उठून थेट पडद्यापुढे उभी राहिली. अख्खा पूर तिच्या अंगावरून वाहू लागला.

"हे सगळं पुठ्ठ्याचं आहे, मी केलंय," ती म्हणाली. "आणि हा तो माणूस." तिनं मुठीतलं मेण वर धरलं.

लोक चिडले. खाली बस, म्हणून ओरडले. मालक धावत आला. "उद्यापासून इथे पाय ठेवू नकोस."

"उद्यापासून कशाला, आजच जाते. पण बोलून जाते."

ती बाई पुढे आली. मेणाचा माणूस हातात घेऊन तिनं उलटसुलट पाहिला. त्याला नाकडोळे नव्हते. एवढ्या लहान माणसांना आत्या ते करत नसे.

"मग माझा नवरा कुठे आहे?"

"मला माहीत नाही," आत्या म्हणाली. "वाचला असेल, नसेलही. पण इथे नाही. चला, कुठल्या दवाखान्यापासून सुरुवात करायची?"