पिशोरच्या कड्यावरचं फुटेज

आधीच सांगते, असले किस्से सांगणाऱ्यांचा मला राग येतो. बुवाबाजीविरुद्ध मी गावोगाव पत्रकं वाटलीत. त्यामुळे हे लिहिताना स्वतःचाच संताप येतोय... पण घडलं ते घडलं.

पिशोरजवळच्या एका कड्यावर मोरघारीचं घरटं आहे. त्याच कड्यासाठी दगडखाणीची परवानगी मागितलीय! आम्ही शिकारी पक्ष्यांवर डॉक्युमेंट्री करत होतो. घरटं नांदतं असल्याचं फुटेज सुनावणीत दाखवलं तरच कडा वाचणार होता. आणि मी काय केलं? घरट्याच्या बरोबर खाली पांढऱ्या रंगात हातभर अक्षरांत घोषणा रंगवली — ‘कडा आमचा, खाण कुणाची?’ त्या गडबडीनं मोरघारी उडाल्या, त्या फिरकल्याच नाहीत. पत्रकवाल्यांची अक्कल!

सुनावणीच्या आदल्या दिवशी सकाळी मी आणि कॅमेरावाला इम्रान समोरच्या टेकाडावर बसलो. चार तास. दुर्बिणीत नुसत्या काटक्या.

“तेरे पेंट नेच भगाया उनकू,” इम्रान म्हणाला. “अब घोषणाकाच क्लोजअप लेतूं.”

तिथं मेंढरं चारणारे अंबादासमामा मेलेलं कोकरू खडकावर ठेवून आले. मेलेलं कोकरू ते पुरत नाहीत, घारीचा वाटा म्हणून ठेवतात.

“मामा, घार असंल तर खाईल ना!” मी खेकसले.

“हाय की.”

“कुठंय?”

“तुला दिसंना व्हय?” एवढं बोलून ते मेंढरांमागं गेले.

दुपारी इम्रानच्या खोलीवर सकाळचं फुटेज लॅपटॉपवर उघडलं. घरट्यात मोरघार! पिल्लाला मांसाचे तुकडे भरवत होती. खाली माझी घोषणा स्पष्ट, म्हणजे जुनं फुटेज नाही. कार्डही सकाळीच कोरं घातलं होतं. आणि त्या चित्रावर माझाच सकाळचा आवाज — “घरटं रिकामं आहे, बंद कर कॅमेरा.”

इम्रान खुर्चीसकट मागं सरकला. “मेरेकू तो खाली घोसला दिखरा था...”

दुसऱ्या दिवशी आवाज बंद करून आम्ही तेच दाखवलं. सुनावणी घेणाऱ्या साहेबांनी चष्मा काढून विचारलं, “हे तुम्ही स्वतः पाहिलंत?”

खाणवाले माझ्याकडं बघत होते. मी म्हणाले, “हो.”

परवानगी थांबली. त्यानंतर तीनदा जाऊन आले — घरटं मला रिकामंच दिसतं. मी साहेबांशी खोटं बोलले का? की तेवढंच एक खरं बोलले? अजून कळत नाही.