ईनबाईंची एक दांडी

माझ्या विहीणबाई परवा गेल्या, आणि मी त्यांच्यावर अजून जळते.

मेलेल्या माणसावर कोणी जळतं का? मी जळते. ज्यांना वाईट वाटेल त्यांनी पुढे वाचू नका.

प्रमिलाताई. माझ्या स्नेहलच्या सासूबाई. अकोल्याच्या, रिटायर्ड नर्स. आमच्या वऱ्हाडात विहिणीला ईनबाई म्हणतात. मी त्यांना ईनबाई म्हणायचे आणि त्या मला.

लग्नाला वर्ष व्हायच्या आत माझी लेक त्यांना 'आई' म्हणायला लागली. आणि मी झाले 'अमरावतीची आई'.

सांगा! पोटची पोर, आणि मला गावाचं नाव लावून ओळखते.

पहिलं बाळंतपण माहेरी, ही रीतच आहे. सातव्या महिन्यात स्नेहल आमच्याकडे अमरावतीला, राजापेठेत आली तेव्हा मनात म्हटलं, आता तीन महिने पोरगी माझी.

पण तिच्या उलट्या थांबेनात. ज्वारीच्या कण्या केल्या, मुगाचं वरण केलं, लिंबाचं लोणचं काढलं. सगळं बाहेर.

चौथ्या दिवशी म्हणते, "आई, मले आईच्या हातचे वॉफल पाहिजे."

एका वाक्यात दोन आया. खायला मागायचं ते दुसरीच्या हातचं, आणि सांगायचं पहिलीला.

या बाईंनी साठी उलटल्यावर ऑनलाइन मशीन मागवून मक्याच्या पिठाचे वॉफल शिकले होते. गोड नाही, तिखट. मिरची-लसणाचा ठेचा, ओवा, कोथिंबीर, आंबट ताक. वरून कुरकुरीत, आत मऊ, आणि चौकोनी खळग्यांत तूप.

मी नाक मुठीत धरून फोनवर रेसिपी विचारली.

"काही अवघड नाही ईनबाई. दोन वाट्या मक्याचं पीठ, थोडा रवा, ताक. अर्धा घंटा भिजू द्या. मशीन चांगली तापू द्या. अन् वाफ निघून राहिली तोवर झाकन उघडू नका बरं."

मग मीपण मशीन मागवली. पीठ भिजवलं. ओतलं. आणि वाफ निघत असतानाच झाकण उघडलं, कारण मला धीर कुठे!

वॉफल मधून फाटलं. अर्धं वरच्या प्लेटला, अर्धं खालच्या. मला वाटलं, बाईंनी मुद्दामच काहीतरी सांगायचं बाकी ठेवलं.

स्नेहल म्हणाली, "राहू दे आई. तू भाकरच कर."

दुसऱ्या दिवसापासून अकोल्याहून डबा सुरू झाला.

ईनबाईंच्या शेजारचे एक सर अमरावतीला रोज अप-डाऊन करायचे. ते सकाळी नऊला दारात डबा देऊन जायचे. मी अकोल्याला फोन करून सांगायचे, "हो, मिळाला." मग वॉफल तव्यावर गरम करायचे. स्नेहल खायची, आणि ते पोटात टिकायचं.

खाऊन झालं की मोबाईल घेऊन तासभर त्यांच्याशीच गप्पा. तव्यापाशी मी, थँक्यू अकोल्याला.

एका सकाळी डबा आला. नेहमीप्रमाणे मी फोन केला, "मिळाला." स्नेहल अजून झोपली होती.

मी डबा उघडला आणि ओट्यापाशी उभ्या-उभ्या तिन्ही वॉफल खाऊन टाकले. थंडगारच.

छान झाले होते. तेच जास्त झोंबलं.

स्नेहल उठली. "आई, डबा आला का वं?"

"आज नाही आला."

तिनं तिथल्या तिथे अकोल्याला फोन लावला. स्पीकरवर. तासाभरापूर्वी मीच त्यांना 'मिळाला' म्हणून सांगितलं होतं!

"आई, आज डबा नाही पाठवला का?" स्नेहलनं विचारलं.

मग ईनबाई म्हणाल्या, "अवं बेटा, आज मशीनच बंद पडली न. तुले सांगायलेच इसरली मी. उपाशी नको राहू, आईच्या हातचं खाऊन घे."

त्या दिवशी तिनं माझी भाकर खाल्ली. दोन तासांनी उलटी झाली.

याला चार वर्षं झाली. नातीच्या प्रत्येक वाढदिवसाला स्नेहल सगळ्यांसमोर त्यांना चिडवायची, "आईची एक दांडी आहे हं! एक दिवस डबा नव्हता पाठवला."

त्या हसायच्या. माझ्याकडे बघायच्यासुद्धा नाहीत. आम्ही दोघीच असतानाही त्यांनी कधी विषय काढला नाही.

एखादा टोमणा मारला असता तर भांडून मोकळी झाले असते. बाईंनी तेवढीही सोय ठेवली नाही.

काल इथे अकोल्यात सगळं आटोपल्यावर स्नेहल माझ्या मांडीवर डोकं ठेवून रडत होती. मला वाटलं, चला, शेवटी माझ्याच मांडीवर आली. हो, तेव्हासुद्धा हेच वाटलं.

तेवढ्यात ती म्हणाली, "मागच्या आठवड्यातही मी आईले दांडीवरून चिडवलं वं. एका दिवसासाठी चार वर्षं बोलून राहिली मी तिले."

आणि हुंदका आवरेना तिला. माझ्यासाठी अशी रडेल का, माहीत नाही.

मी तिच्या केसांवरून हात फिरवत राहिले.

आत्ता ती पलीकडच्या खोलीत आहे. समोर जाऊन बोलायची हिंमत नाही, म्हणून या पोस्टमध्ये लिहिते.

स्नेहल, त्या दिवशी डबा आला होता. मशीन बंद पडली नव्हती. तिन्ही वॉफल मी खाल्ले. तुझ्या सासूबाईंनी एकही दिवस चुकवला नाही.

ईनबाई, तुमच्या वॉफलचा हेवा वाटायचा, तो एक वेळ गेला असता. तुमच्या मनाचा वाटतो, तो जायचा नाही.

हे वाचून पोरगी माझ्याशी अबोला धरेल. आणि तिची समजूत काढायला आता तुम्ही नाही.

अखेरचा जयभीम, ईनबाई.